जुनी चित्रफीत काय सांगते? चित्रपट आणि दूरचित्रवाणीतील संग्रहित चित्रणाचा इतिहास

विद्यार्थी मित्रांनो, हा पाठ क्रिकेटपासून सुरू करू.

२५ जून १९८३ रोजी लॉर्ड्सवर विव्ह रिचर्ड्सने उंच मारलेला चेंडू कपिल देवने मागे धावत जाऊन झेलला. तुमचा तेव्हा जन्मही झाला नव्हता, तरी तो झेल तुम्ही पाहिलेला आहे. टीव्हीवर, मोबाइलवर, कदाचित शंभर वेळा. आता त्याच्या बरोबर सात दिवस आधीचा सामना घ्या. १८ जून, टनब्रिज वेल्स, समोर झिम्बाब्वे. भारताचे ५ गडी १७ धावांत बाद झाले होते. तिथून कपिलने नाबाद १७५ धावा काढल्या, भारताने ६० षटकांत २६६ पर्यंत मजल मारली आणि सामना ३१ धावांनी जिंकला. ही खेळी तुम्ही पाहिलेली नाही. त्या दिवशी मैदानावर हजर असलेल्या लोकांखेरीज कोणीच पाहिलेली नाही, कारण तिथे टीव्हीचा कॅमेराच नव्हता. २०२१ साली आलेल्या ‘८३’ या चित्रपटाला ती खेळी अभिनेत्याकडून नव्याने उभी करून घ्यावी लागली.

दोन्ही घटना खऱ्या आहेत आणि दोन्हींचे धावफलक उपलब्ध आहेत. तरीही एक घटना आपल्या डोळ्यांसमोर आहे आणि दुसरी फक्त ऐकीव आहे. हा फरक कॅमेऱ्यामुळे पडला. आपल्या सामूहिक स्मृतीत काय राहावे आणि काय पुसले जावे, हे गेली सव्वाशे वर्षे बऱ्याच अंशी अशा चित्रणाच्या असण्या-नसण्यावर ठरत आले आहे. म्हणून ‘अर्काइव्ह फुटेज’ हा केवळ माध्यमांच्या विद्यार्थ्यांचा विषय नाही. इतिहास समजून घेणाऱ्या प्रत्येकाचा तो विषय आहे.

१. संज्ञा

एका कामासाठी केलेले चित्रण जपून ठेवले गेले आणि पुढे दुसऱ्याच कामासाठी वापरले गेले, की त्याला आपण संग्रहित चित्रण किंवा अर्काइव्ह फुटेज म्हणतो. वृत्तवाहिन्यांवर कोपऱ्यात ‘फाइल फुटेज’ अशी पट्टी दिसते, ती याचीच. बातमीपट, सरकारी माहितीपट, लष्कराने केलेले चित्रण, घरगुती फिल्म, न वापरलेले तुकडे, टीव्हीच्या टेप हे सगळे त्यात येते.

या व्याख्येतला ‘दुसऱ्याच कामासाठी’ हा भाग महत्त्वाचा आहे. चित्रण करणाऱ्याचा हेतू एक असतो आणि वापरणाऱ्याचा दुसरा. या दोन हेतूंमधल्या अंतरातच या विषयाचे सगळे प्रश्न दडलेले आहेत. पुढचा पाठ वाचताना हे अंतर सतत लक्षात ठेवा.

२. सुरुवात : कोणाला वाटले की हे जपावे?

ल्युमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये २८ डिसेंबर १८९५ रोजी तिकीट लावून चित्रफिती दाखवल्या. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात त्यांचा खेळ झाला. त्या काळी या फितींकडे जत्रेतल्या करमणुकीसारखे पाहिले जाई. फीत झिजली की फेकून द्यायची, अशीच रीत होती.

या रीतीविरुद्ध फार लवकर एक आवाज उठला. बोलेस्लाव मातुशेव्स्की या पोलिश छायाचित्रकाराने १८९८ मध्येच पॅरिसमध्ये एक पुस्तिका काढली. चित्रफीत हे इतिहासाचे नवे साधन आहे, त्यामुळे ग्रंथालयासारखे तिचेही सार्वजनिक भांडार असावे, अशी त्याची मागणी होती. सिनेमा तेव्हा जेमतेम तीन वर्षांचा होता. ही मागणी प्रत्यक्षात यायला मात्र तीन-चार दशके जावी लागली. चित्रपटांची मोठी संग्रहालये १९३० च्या दशकात उभी राहू लागली.

मधल्या काळात काय गेले, याचे उदाहरण आपल्याजवळच आहे. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावेदादा, यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये झालेली एक कुस्ती चित्रित केली. केंब्रिजमध्ये सीनियर रँग्लर झालेले र. पु. परांजपे १९०१ च्या अखेरीस मायदेशी परतले, तेव्हा त्यांच्या स्वागताचेही चित्रण सावेदादांनी केले. भारतीयाने भारतातल्या घटनेचे केलेले हे अगदी सुरुवातीचे वार्तांकन. कोलकात्यात हिरालाल सेन यांनी १९०५ च्या वंगभंगविरोधी निदर्शनांचे चित्रण केले. यातले आज काहीही शिल्लक नाही. सेन यांचा संग्रह १९१७ मध्ये आगीत गेला. स्वदेशी चळवळीच्या सभा दिसत कशा होत्या, हे आपण वाचू शकतो, पण पाहू शकत नाही.

जुन्या फितींतून नवा चित्रपट घडवता येतो हे ठळकपणे दाखवून दिले ते एका रशियन संकलक स्त्रीने. एस्फिर शुब हिने रशियन क्रांतीच्या दहाव्या वर्षानिमित्त १९२७ मध्ये ‘रोमानोव्ह घराण्याचा अस्त’ हा चित्रपट तयार केला. त्यासाठी तिने तळघरांत पडून असलेली सुमारे ६०,००० मीटर फिल्म तपासली. त्यातून अखेर १,५०० मीटरच्या आसपास वापरली. त्यात झारच्या कुटुंबाने हौसेने करून घेतलेले चित्रणही होते. राजघराण्याच्या सहलीचे दृश्य, आणि लगेच शेतात राबणाऱ्या मजुरांचे दृश्य. झारच्या छायाचित्रकाराने राजवैभव दाखवण्यासाठी घेतलेली फीत शुबने त्याच राजवटीविरुद्ध साक्षीला उभी केली. फिल्मचा एकही तुकडा खोटा नव्हता, तरी अर्थ पूर्ण उलटा झाला. संग्रहित चित्रणाची खरी ताकद आणि खरा धोका दोन्ही इथे एकदमच दिसतात.

३. पुरावा की बनाव?

आता तीन उदाहरणे नीट पाहू.

पहिले उदाहरण ‘बॅटल ऑफ द सोम’ या १९१६ च्या ब्रिटिश चित्रपटाचे. जेफ्री मॅलिन्स आणि जे. बी. मॅकडॉवेल या दोन छायाचित्रकारांनी आघाडीवर जाऊन चित्रण केले. पहिल्या सहा आठवड्यांतच ब्रिटनमध्ये याची सुमारे २ कोटी तिकिटे खपली असे मानले जाते. चित्रपटाचा बहुतेक भाग अस्सल आहे. पण त्यातले सर्वांत गाजलेले दृश्य म्हणजे सैनिक खंदकातून वर चढतात, एक-दोन जण गोळी लागून कोसळतात आणि बाकीचे धुरात नाहीसे होतात. हे दृश्य आघाडीच्या मागे प्रशिक्षणाच्या जागी मुद्दाम घडवून चित्रित केले होते, असे अभ्यासकांनी दाखवून दिले आहे. त्यांनी ते ओळखले कसे? कॅमेरा जिथे उभा दिसतो तिथे खऱ्या हल्ल्यात छायाचित्रकार जिवंत राहिला नसता. सैनिकांच्या पाठीवर हल्ल्याच्या वेळी असणारे पूर्ण सामान नाही. आणि ‘मेलेला’ एक सैनिक पडल्यावर पाय हलवून नीट करून घेतो. १ जुलै १९१६ या एका दिवसात सुमारे १९ हजार ब्रिटिश सैनिक खरोखर मारले गेले. पण कित्येक दशके टीव्हीवर पहिल्या महायुद्धातल्या मृत्यूचे चित्र म्हणून दाखवला जातो तो मात्र न मेलेला माणूस.

दुसरे उदाहरण आयझेनस्टाईनच्या ‘ऑक्टोबर’ या चित्रपटाचे. १९१७ मध्ये पेट्रोग्राडचा विंटर पॅलेस ताब्यात घेतला गेला, त्या रात्रीचे चित्रण झालेलेच नाही. दहा वर्षांनंतर आयझेनस्टाईनने हजारो लोक घेऊन तो प्रसंग भव्य प्रमाणात रंगवला. प्रत्यक्ष घटनेपेक्षा हे नाट्य कितीतरी मोठे होते. पुढे कित्येक माहितीपटांत हीच दृश्ये क्रांतीचे खरे चित्रण म्हणून वापरली गेली. जिथे चित्रण नसते तिथे पोकळी राहत नाही. ती कोणीतरी भरून काढतो.

आपल्याकडेही हे घडते. माझ्या वर्गात एका विद्यार्थ्याने सादरीकरणात गांधीजींच्या अंत्ययात्रेची कृष्णधवल फीत दाखवली. वर्ग अगदी शांत झाला होता. ती फीत प्रत्यक्षात रिचर्ड अॅटनबरो यांच्या १९८२ च्या ‘गांधी’ चित्रपटातली होती. कोणीतरी तिचा रंग काढून इंटरनेटवर टाकली होती. ३१ जानेवारी १९८१ रोजी दिल्लीत तीन लाखांच्या आसपास लोक जमवून तो प्रसंग चित्रित झाला होता. मुलाने काही लबाडी केली नव्हती. त्याने शोधले, सापडले, लावले. मलाही ते ओळखायला काही क्षण लागले. अस्सल चित्रण उपलब्ध असतानाही नक्कल पुढे येते, कारण ती अधिक स्वच्छ आणि अधिक सुबक असते. खऱ्या फितीत कॅमेरा हलतो, मधेच कोणाचे तरी डोके येते, नेमका हवा तो क्षण निसटतो.

तिसरे उदाहरण सर्वांत अस्वस्थ करणारे आहे. मे १९४२ मध्ये नाझी छायाचित्रकारांनी वॉर्सामधल्या ज्यूंच्या घेटोत चित्रण केले. युद्धानंतर ‘घेटो’ असे लिहिलेली, अर्धवट जोडलेली फिल्म पूर्व जर्मनीच्या संग्रहात सापडली. त्यात रस्त्यावर भुकेने मरणारी माणसे आहेत आणि शेजारी चैनीत जेवणारे, नटलेले ज्यूही आहेत. अनेक दशके माहितीपटांनी त्यातली दृश्ये घेटोतल्या जीवनाचा पुरावा म्हणून वापरली. १९९८ मध्ये याच चित्रणातले टाकून दिलेले तुकडे एका वेगळ्या डब्यात सापडले. त्यांत एकच ‘सहज’ दृश्य पुन्हा पुन्हा करून घेतलेले दिसते. भिकाऱ्यांकडे न पाहता निघून जाणारी चांगल्या कपड्यांतली माणसे छायाचित्रकाराच्या हुकमाने तीच चाल परत परत चालत होती. श्रीमंत ज्यूंना आपल्याच माणसांची पर्वा नाही, असे त्यांना दाखवायचे होते. याएल हेर्सोन्स्की हिने २०१० च्या ‘अ फिल्म अनफिनिश्ड’ या माहितीपटात हे सगळे उलगडले आहे.

येथे एक गोष्ट लक्षात घ्या. ती भूक खरी होती, प्रेतेही खरी होती. त्या चित्रणानंतर दोन-तीन महिन्यांत तिथल्या माणसांना ट्रेब्लिंकाच्या मृत्युछावणीत पाठवायला सुरुवात झाली. म्हणजे ही फीत संपूर्ण खोटी म्हणून फेकता येत नाही आणि जशीच्या तशी खरी म्हणून दाखवताही येत नाही. ती मारेकऱ्यांच्या नजरेने पाहिलेली आहे. वापरणाऱ्याने हे सांगितले नाही, तर तो नकळत त्यांचीच नजर प्रेक्षकाला देतो.

४. टीव्हीचे युग

संग्रहित चित्रण घरोघरी पोहोचवले ते दूरचित्रवाणीने. बीबीसीची ‘द ग्रेट वॉर’ (१९६४) आणि थेम्स टेलिव्हिजनची ‘द वर्ल्ड अॅट वॉर’ (१९७३–७४) या प्रत्येकी २६ भागांच्या मालिका मैलाचे दगड मानल्या जातात. जुनी दृश्ये, त्या काळातल्या माणसांच्या मुलाखती आणि गंभीर आवाजातले निवेदन हा आज आपल्याला परिचित असलेला साचा या मालिकांनी पक्का केला. ‘द ग्रेट वॉर’च्या वेळीच वादही झाला. अस्सल आणि घडवलेली दृश्ये एकत्र मिसळली जातात आणि प्रेक्षकाला ते सांगितले जात नाही, असा आक्षेप लंडनच्या इम्पीरियल वॉर म्युझियमचे संचालक नोबल फ्रँकलंड यांनी घेतला. हाच आक्षेप आजच्या कित्येक कार्यक्रमांनाही लागू पडतो.

चित्रण थेट न्यायालयात पुरावा म्हणूनही वापरले गेले आहे. २९ नोव्हेंबर १९४५ रोजी न्यूरेंबर्गच्या खटल्यात छळछावण्यांची फिल्म आरोपींसमोर दाखवली गेली. याच्या अगदी उलट टोकाला क्लोद लांझमान यांचा ‘शोआ’ (१९८५) आहे. साडेनऊ तासांच्या आसपासच्या या चित्रपटात जुन्या फितीचा एकही तुकडा नाही. आहेत ती फक्त बोलणारी माणसे आणि त्या जागा आज कशा दिसतात याचे चित्रण. लाखोंच्या हत्येचे चित्र दाखवता येईल हा समजच लांझमान यांना मान्य नव्हता. दोन्ही भूमिका समजून घ्या. एक म्हणते, दाखवल्याशिवाय लोक विश्वास ठेवणार नाहीत. दुसरी म्हणते, दाखवलेल्या चार दृश्यांवर लोक सगळे समजले असे मानतील.

५. भारत : कोणी चित्रण केले, कोणी जपले?

भारतातल्या संग्रहित चित्रणाच्या इतिहासात सरकारपेक्षा झपाटलेल्या व्यक्तींचा वाटा मोठा आहे.

ए. के. चेट्टियार हे तमिळ पत्रकार आणि प्रवासी. १९३० च्या दशकाच्या अखेरीस त्यांनी गांधीजींचे जगभर विखुरलेले चित्रण गोळा करायचे ठरवले. त्यासाठी त्यांनी अनेक देश पालथे घातले आणि १९४० मध्ये तमिळ निवेदनासह गांधीजींवरचा माहितीपट प्रदर्शित केला. पाठीशी मोठी संस्था नव्हती आणि राज्य इंग्रजांचे होते, हे विसरू नका. गांधीजींवर पुष्कळ कॅमेरे रोखलेले होते, पण ते बहुतेक परदेशी कंपन्यांचे होते. त्यामुळे आपल्याच नेत्याची दृश्ये मिळवायला चेट्टियारांना समुद्र ओलांडावे लागले.

दुसरा प्रसंग स्वातंत्र्याचा. दुसऱ्या महायुद्धात इंग्रज सरकारने प्रचारासाठी ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ आणि ‘इंडियन न्यूज परेड’ ही खाती चालवली. ती १९४६ मध्ये बंद झाली. फिल्म्स डिव्हिजन स्थापन झाले १९४८ मध्ये. मधल्या फटीत १५ ऑगस्ट १९४७ येऊन गेला. ज्या रात्री देश स्वतंत्र झाला, त्या रात्री देशाकडे स्वतःचे चित्रण करणारे सरकारी पथकच नव्हते. त्या दिवसांची जी दृश्ये आपण पाहतो, ती परदेशी बातमीपट कंपन्यांनी आणि काही खासगी छायाचित्रकारांनी घेतलेली आहेत. फाळणीच्या बाबतीत तर परिणाम आणखी जाणवतो. लाखोंच्या स्थलांतराची तीच ती काही दृश्ये, बैलगाड्यांची रांग आणि छपरापर्यंत भरलेली आगगाडी, प्रत्येक कार्यक्रमात येतात. पंजाबची फाळणी त्यांत थोडीफार दिसते. बंगालची किंवा सिंधची जवळजवळ दिसतच नाही.

पुढे फिल्म्स डिव्हिजनने दर आठवड्याला बातमीपट काढले आणि प्रत्येक चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाआधी ते दाखवणे सक्तीचे होते. तुमच्या आजी-आजोबांना विचारा, त्यांना तो निवेदकाचा आवाज आठवत असेल. धरणांची उद्घाटने, पूर, पाहुणे, क्रिकेट असा हजारो फितींचा हा ठेवा आज स्वतंत्र भारताच्या पहिल्या चाळीस वर्षांचा मोठा दृश्य-आधार आहे. विठ्ठलभाई झवेरी यांनी १९६८ मध्ये पूर्ण केलेला ‘महात्मा’ हा पाच तासांहून लांब माहितीपट अशा जमवलेल्या चित्रणावरच उभा आहे. पण सरकारी कॅमेरा सरकारला जे महत्त्वाचे वाटते तेच टिपतो. धरणाच्या उद्घाटनाची फीत आहे. बुडालेल्या गावांची फीत शोधावी लागते, आणि बहुधा ती नसतेच.

याचे एक उदाहरण महाराष्ट्रातले आहे. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे ६ डिसेंबर १९५६ रोजी दिल्लीत निधन झाले आणि दुसऱ्या दिवशी मुंबईत अंत्ययात्रा निघाली. लाखोंचा जनसागर लोटला होता. या अंत्ययात्रेचे चित्रण नामदेव व्हटकर या मराठी लेखक-दिग्दर्शकाने स्वतःच्या खर्चाने केले. देशाच्या राज्यघटनेच्या शिल्पकाराचा अखेरचा प्रवास पाहायला मिळतो, तो एका माणसाने पदरमोड केली म्हणून. दर ६ डिसेंबरला ती दृश्ये टीव्हीवर येतात. खाली त्यांचे नाव क्वचितच असते.

जपण्याच्या बाबतीत पी. के. नायर यांचे नाव घ्यायलाच हवे. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये पुण्यात स्थापन झाले. नायर यांनी गावोगाव फिरून, निर्मात्यांच्या घरांतून, गोदामांतून डबे जमा केले. दादासाहेब फाळक्यांच्या फिती आज पाहता येतात, त्याचे मोठे श्रेय त्यांना आहे. तरीही ‘राजा हरिश्चंद्र’चा (१९१३) काही भागच उरला आहे आणि पहिला भारतीय बोलपट ‘आलम आरा’ (१९३१) तर पूर्णपणे हरवला आहे.

६. फीत नष्ट कशी होते?

तुमच्यापैकी अनेक जण विज्ञान-अभियांत्रिकीचे असतील, म्हणून हे थोडे खोलात पाहू. १९५० च्या सुमारापर्यंत चित्रपटांची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची असे. हे द्रव्य स्फोटक कापसाच्या कुळातले. जळताना लागणारा ऑक्सिजन ते स्वतःच पुरवते, म्हणून पेटले की पाण्याखालीही विझत नाही. आग लागली नाही तरी ते हळूहळू विघटित होते आणि विघटनातून निघणारे वायू विघटनाचा वेग आणखी वाढवतात. ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या भांडाराला आग लागली. तिथे ठेवलेल्या जुन्या नायट्रेट फिती जळून गेल्या.

नायट्रेटनंतर आलेली अॅसिटेट फिल्म सहजासहजी पेटत नाही, पण उष्ण आणि दमट हवेत तिच्यातून अॅसेटिक आम्ल सुटते. डबा उघडला की व्हिनेगरचा वास येतो. हा ‘व्हिनेगर रोग’ शेजारच्या डब्यांनाही लागतो. आपल्या किनारपट्टीवरची हवा त्याला अगदी पोषक. शिवाय कृष्णधवल फिल्मच्या थरात चांदी असते. ती काढून विकण्यासाठीही असंख्य जुन्या फिती नष्ट केल्या गेल्या.

व्हिडिओ टेपची गोष्ट वेगळी. ती महाग होती आणि पुसून परत वापरता येत होती, म्हणून जगभरच्या वाहिन्यांनी कार्यक्रम पुसले. सर्वांत धक्कादायक उदाहरण अपोलो ११ चे. माणूस चंद्रावर उतरला त्या चित्रणाचा मूळ, अधिक स्पष्ट संकेत ज्या टेपवर नोंदला होता, त्या टेप पुढे पुसून पुन्हा वापरल्या गेल्या असाव्यात, असा निष्कर्ष नासाने २००९ मध्ये जाहीर केला. आज आपण पाहतो ते टीव्ही प्रक्षेपणाच्या प्रतींवरून सुधारलेले चित्रण आहे.

७. गती, आवाज आणि रंग

दांडीयात्रेच्या फितीत गांधीजी जवळजवळ पळताना दिसतात. ते झपझप चालत हे खरे, पण इतके नाही. मूकपटाच्या काळातले कॅमेरे साधारणपणे सेकंदाला १६ ते १८ चौकटी टिपत. नंतरची यंत्रे सेकंदाला २४ चौकटी दाखवतात. १६ च्या वेगाने टिपलेले ६० सेकंदांचे दृश्य २४ च्या वेगाने दाखवले, तर ते ४० सेकंदांत संपते. म्हणजे माणूस दीडपट वेगाने हलतो. जुनी माणसे आपल्याला थोडी विनोदी वाटतात ती या साध्या गुणोत्तरामुळे.

हेच गुणोत्तर नीट माहीत असेल तर फीत घड्याळाचे काम करते. २२ नोव्हेंबर १९६३ रोजी केनेडींच्या हत्येचे एका नागरिकाने हौशी कॅमेऱ्याने चित्रण केले. त्याच्या कॅमेऱ्याचा वेग सेकंदाला सुमारे १८.३ चौकटी होता आणि घटनेच्या ४८६ चौकटी आहेत. भागाकार केला की साडेसव्वीस सेकंदांचा हिशेब मिळतो. दोन गोळ्यांमधले अंतर मोजायला तपास करणाऱ्यांनी याच चौकटी वापरल्या.

आवाजाचेही तसेच. पहिल्या महायुद्धाच्या फिती मूक आहेत. दुसऱ्या महायुद्धातले रणांगणावरचे चित्रणही बहुतांशी मूकच झाले होते. टीव्हीवर ऐकू येणारे तोफांचे आवाज नंतर स्टुडिओत जोडलेले असतात. पीटर जॅक्सन यांनी ‘दे शॅल नॉट ग्रो ओल्ड’ (२०१८) मध्ये पहिल्या महायुद्धाच्या फितींना रंग दिले, वेग दुरुस्त केला आणि ओठांच्या हालचाली वाचणाऱ्या तज्ज्ञांकडून शब्द ओळखून सैनिकांना आवाजही दिला. पाहणाऱ्याला ती माणसे एकदम जवळची वाटतात. पण संगणकाने भरलेली प्रत्येक मधली चौकट आणि प्रत्येक रंगछटा हा आजच्या माणसाचा अंदाज आहे. जॅक्सन यांनी तो उघडपणे सांगितला. आज कृत्रिम बुद्धिमत्तेने घरबसल्या असेच करता येते, आणि तिथे सांगणारा कोणी नसतो.

८. मालक कोण?

१९५७ च्या भारतीय कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा स्वामित्वहक्क प्रदर्शनानंतर ६० वर्षे टिकतो. म्हणजे १९५० च्या दशकात प्रदर्शित झालेले बातमीपट भारतात आता सर्वांचे आहेत. पण कायद्याने मोकळे असणे आणि हातात येणे यांत फरक आहे. चांगली प्रत ज्याच्या कपाटात आहे तो प्रत देण्याचे पैसे मागू शकतो. आपल्या स्वातंत्र्यलढ्याच्या पुष्कळ दृश्यांच्या मूळ प्रती लंडन आणि अमेरिकेतल्या संग्रहांत आहेत. तिथे दर सेकंदाच्या हिशेबाने आकारणी होते. भारतीय भाषेत कमी पैशांत माहितीपट करणाऱ्याला त्यामुळे तीच ती स्वस्त दृश्ये वापरावी लागतात आणि आपल्या डोळ्यांसमोरचा इतिहास आणखी आखूड होतो. ‘ब्रिटिश पाथे’ने २०१४ मध्ये सुमारे ८५,००० फिती यूट्यूबवर पाहण्यासाठी खुल्या केल्या, हे स्वागतार्ह आहे. पण पाहणे मोफत असले तरी वापरणे मोफत नसते.

९. फीत कशी वाचावी?

पुढच्या वेळी एखादे जुने दृश्य समोर आले, की स्वतःला हे प्रश्न विचारा.

१. हे कोणी टिपले, आणि कोणाच्या पैशाने?
२. कॅमेरा कुठे उभा आहे? त्या क्षणी तिथे उभे राहणे शक्य होते का?
३. समोरच्या माणसांना कॅमेरा दिसतो आहे का? ती त्याच्यासाठी वागत आहेत का?
४. हे दृश्य पूर्ण आहे की तुकडा? आधी आणि नंतर काय होते?
५. वेग, आवाज, रंग यांपैकी नंतर काय बदलले किंवा जोडले गेले?
६. मूळ डब्यावरची नोंद किंवा छायाचित्रकाराचे टिपण उपलब्ध आहे का?
७. आज हे कोण दाखवते आहे, आणि कशासाठी?

मोबाइलवर आलेल्या दंगलीच्या किंवा पुराच्या चित्रफितीलाही हेच प्रश्न लागू आहेत. दुसऱ्या गावची, दुसऱ्या वर्षीची फीत आजची म्हणून पसरते, तेव्हा लोक मारले जातात. ‘ऑक्टोबर’मधले दृश्य क्रांतीचे म्हणून दाखवणे आणि ही फीत पुढे पाठवणे यांत चूक एकाच जातीची आहे. परिणाम फक्त अधिक लवकर होतात.

सारांश

संग्रहित चित्रण इतिहासाचे साधन आहे, इतिहास नव्हे. ते अस्सल असूनही दिशाभूल करू शकते आणि घडवलेले असूनही त्या काळाबद्दल काहीतरी खरे सांगू शकते. जे चित्रित झाले नाही किंवा जपले गेले नाही ते घडलेच नाही, असे समजण्याची सवय मात्र सर्वांत घातक आहे. टनब्रिज वेल्सच्या १७५ धावा धावफलकात आहेत, म्हणून निदान त्या विसरल्या तरी जात नाहीत. ज्यांच्या आयुष्याचा धावफलकच कोणी ठेवला नाही, अशांची संख्या फार मोठी आहे.

आणि जाता जाता एक काम. तुमच्या घरात लग्नाची, बारशाची, गावच्या जत्रेची व्हीएचएस कॅसेट असेल. तिच्यावरचा चुंबकीय थर दर पावसाळ्यात थोडा थोडा जातो आहे आणि ती चालवणारी यंत्रेही दुर्मिळ होत आहेत. या सुट्टीत ती डिजिटल करून घ्या. सोबत एका कागदावर तारीख, ठिकाण आणि दिसणाऱ्या माणसांची नावे लिहून ठेवा. घरातल्या वडीलधाऱ्यांना शेजारी बसवूनच लिहा, कारण ती नावे आता फक्त त्यांनाच माहीत आहेत.

स्वाध्याय

१. एस्फिर शुब हिने झारच्या घरगुती फितीचा अर्थ कसा बदलला? याला फसवणूक म्हणता येईल का? कारणे द्या.
२. वॉर्सा घेटोचे चित्रण आज माहितीपटात वापरायचे झाल्यास तुम्ही प्रेक्षकाला कोणती माहिती द्याल?
३. सेकंदाला १८ चौकटींनी टिपलेले ९० सेकंदांचे दृश्य २४ चौकटींच्या वेगाने किती सेकंदांत संपेल? त्यातील माणसांची चाल किती पट वेगवान दिसेल?
४. तुमच्या राज्यातील अशी एखादी महत्त्वाची घटना शोधा जिचे कोणतेही चित्रण उपलब्ध नाही. तिची स्मृती लोकांनी कोणत्या मार्गाने जपली आहे, ते २०० शब्दांत लिहा.